शिक्का मिळेल, पण या वहीत नाही

३१ वर्षं मी तहसील कचेरीत काढली. शेवटची नऊ वर्षं आवक-जावकला, आमच्या भाषेत बारनिशीला. त्यामुळे शिक्क्याच्या टेबलाची आतली बाजू मला पाठ आहे. बाहेरच्या बाजूला उभं राहायची पाळी आली ती थेट तोक्योत, एका देवळाच्या खिडकीसमोर, जानेवारीच्या थंडीत. त्याचा राग अजून गेलेला नाही, म्हणून हे लिहायला घेतलं.

मुलगी-जावई निशी-कासाईला राहतात. त्या भागात आपली माणसं इतकी आहेत की भाजी घेताना मराठी कानावर पडतं. व्हिसा, तिकीट, ट्रेनचं कार्ड सगळं मुलीनं केलं, त्याबद्दल मला विचारू नका. तिनंच मला तोक्योतल्या असाकुसा भागातल्या ‘सात भाग्यदेवतां’च्या पायी सहलीत घातलं. गाइड इंग्रजी बोलणारी, माणसं नऊ, वेळ साडेचार तास. “आई, तुला सुट्टी घेऊन कोण फिरवणार? आणि तुला देवळं आवडतात.” दोन्ही खरं.

वर्षाच्या सुरुवातीला या सात देवांची फेरी करायची तिकडे पद्धत आहे. गंमत म्हणजे असाकुसात देव सात आणि ठिकाणं नऊ. नऊ आकडा शुभ, म्हणून दोन देवांना दोन-दोन देवळं. सातांपैकी तीन आपल्याकडून गेलेले: दाइकोकुतेन म्हणजे महाकाल, बिशामोनतेन म्हणजे वैश्रवण कुबेर आणि बेनझाइतेन म्हणजे सरस्वती. सरस्वती यादीत आहे म्हटल्यावर मी बूट घालून तयार.

भेटायची जागा कामिनारीमोन, म्हणजे सेन्सोजी या मोठ्या बौद्ध देवळाचा तो लाल कंदील टांगलेला दरवाजा. तिथे जगातल्या सगळ्या सहली एकाच वेळी भेटतात. आमच्या गाइडबाईंचा झेंडा पिवळा होता आणि आणखी तिघींचाही पिवळाच. तुम्ही गेलात तर समोरच्या पर्यटक माहिती केंद्रात थांबा. आत ऊब असते, स्वच्छतागृह असतं, आणि आठव्या मजल्यावरून फुकटात सगळं देऊळ दिसतं.

सेन्सोजीबद्दल फार लिहीत नाही. इ. स. ६२८ मध्ये दोघा कोळी भावांच्या जाळ्यात सुमिदा नदीतून कान्नोनची मूर्ती आली अशी कथा आहे. कान्नोन म्हणजे आपला अवलोकितेश्वर, करुणेचा बोधिसत्त्व. मोठं देऊळ मार्च १९४५ च्या बॉम्बहल्ल्यात जळलं, आत्ताचं १९५८ चं. शेजारचं १६४९ चं असाकुसा देवस्थान मात्र वाचलं. त्यात ते कोळी भाऊच देव होऊन बसलेत, त्यांच्याबरोबर मूर्ती ओळखणारा गावचा प्रमुखही. देऊळ बौद्ध, देवस्थान शिंतो, म्हणजे जपानच्या मूळ धर्माचं. १८६८ नंतर सरकारनं दोघांच्या वाटण्या करेपर्यंत कारभार एकत्रच होता. वाटणी म्हटल्यावर माझे कान टवकारले, पण गाइडबाई पुढे निघाल्या होत्या.

आता शिक्क्याकडे येते.

तिकडे बऱ्याच देवळांत एक खिडकी असते. तिथे तुमच्या वहीत ब्रशनं देवाचं नाव, देवळाचं नाव आणि तारीख लिहून वर लाल ठसे मारून देतात. त्याला गोशुइन म्हणतात. पूर्वी भाविक पोथी हातानं लिहून देवळाला अर्पण करायचे, तिची ही पोचपावती. आता पोथी नाही लिहिली तरी चालतं, तीनशे-पाचशे येन दिले की पावती मिळते. वही घडीची असते, पोथीसारखी लांब उलगडते. काळी शाई, लाल ठसा, अक्षर असं की मी आमच्या कचेरीतल्या सगळ्यांची नावं घेऊन मनातल्या मनात हळहळले.

माझी वही जावयानं आणलेली. कापडी पुठ्ठा, त्यावर बगळे. आदल्या रविवारी नातीनं उएनो स्टेशनातला शिक्का तिच्यात हौसेनं मारून घेतला होता. तिकडे रेल्वे स्टेशनांवर असे आठवणीचे शिक्के फुकट ठेवलेले असतात. पोर सात वर्षांची, तिला वही म्हणजे वही. मीच म्हटलं होतं, मार.

पहिल्या दोन ठिकाणी या वहीत निमूटपणे लिहून मिळालं. कुणी एक शब्द काढला नाही. हे लक्षात ठेवा.

मग ते तिसरं देऊळ. नाव सांगत नाही, नऊ ठिकाणांतलं होतं की वाटेतलं हेही सांगत नाही. खिडकीशी एका मुलीनं मला लाकडी बिल्ला दिला, ५८ नंबरचा. आत ३१ चालू होता. घड्याळात अकरा वीस. गाइडबाई म्हणाल्या, इथे आपण पंधरा मिनिटं आहोत, तुम्ही तयार कागद घ्या. म्हणजे आधीच लिहून ठेवलेला सुटा कागद, त्यावर फक्त तारीख घालून देतात, घरी जाऊन वहीत चिकटवायचा. त्याला रांगच नव्हती. मी म्हटलं, छे, समोर लिहिलेलंच हवं. आयुष्यभर छापील नमुन्यात रकाने भरले, इथे तरी हातचं घेऊ दे.

पंधरा मिनिटांत ३९. गाइडबाईंनी माझ्याकडे पाहिलं, मी मान हलवली. त्यांनी नकाशावर दोन वाजताची जागा खुणेनं दाखवली, ओतोरी देवस्थान, आणि मंडळी निघाली. मुलीला फोन केला. “आई, सोड ना तो शिक्का.” म्हटलं, आता १९ जण राहिलेत. रांगेत गुंतवलेला वेळ माणसाला सोडवत नाही. आमच्या टेबलासमोरची माणसं का हलत नव्हती, ते माझ्या डोक्यात आलं आणि मी ते तसंच झटकलं.

बाराला दोन मिनिटं कमी असताना ५६ नंबर झाला. आतल्या गृहस्थांनी ब्रश धुतला, पुसला, वाकून नमस्कार केला आणि खिडकीत पाटी ठेवली. १२ ते १. मला जपानी येत नाही, पण ही पाटी वाचता येते. मी स्वतः ती वर्षानुवर्षं ठेवली आहे.

फाटकाबाहेरच्या बाकावर बसून डब्यातल्या दशम्या खाल्ल्या. हातमोजे काढले की बोटं गोठत होती. तेवढ्या वेळात आमची मंडळी सरस्वतीला पोचली असणार हा हिशोब मी केला होता.

बरोबर एक वाजता, एक मिनिट इकडे नाही तिकडे नाही, खिडकी उघडली. ५७ नंबरच्या बाईंनी पिशवीतून तीन वह्या काढल्या. नवऱ्याची, सासूची आणि स्वतःची. मग मी.

आतल्या गृहस्थांनी माझी वही दोन्ही हातांनी घेतली. एक घडी उलगडली, दुसरी उलगडली, उएनो स्टेशनपाशी थांबले. वही मिटली. दोन्ही हातांनी परत दिली. वाकले. मी पुढचं कोरं पान उघडून दाखवलं. ते पुन्हा वाकले. मी आधीचे दोन ठसे दाखवले, म्हणजे तुमच्याच भाऊबंदांनी दिलेत. शेवटी त्यांनी फोन पुढे केला, त्यातली बाई इंग्रजीत बोलली: स्मरणिकेचे शिक्के असलेल्या वहीत आम्ही लिहीत नाही, क्षमस्व. नवी वही द्या म्हटलं. संपल्या. पुन्हा वाकणं. आमच्या कचेरीत निदान भांडता तरी येतं. समोरचा इतका नम्र असला की आवाज चढवायला जागाच राहत नाही.

शेवटी सुटा कागद घेतला. पाचशे येन. तारीख घालायला त्यांना फार तर दहा सेकंद लागली असतील. हाच कागद अकरा वीसला मिळत होता.

नियमाबद्दल माझी तक्रार नाही, हे मी शपथेवर सांगते. ज्या पानांवर देवाचं नाव लिहायचं त्यांत रेल्वेचा शिक्का नको, हे मला पटतं. चुकीच्या फाइलीत लागलेला कागद हा कागदच नसतो. पण अपूर्ण प्रस्ताव आवकलाच परत करायचा असतो. बिल्ला देतानाच त्या मुलीनं वही चाळली असती तर माझे पावणेदोन तास वाचले असते. आमच्याकडे नवीन आलेल्या पोरांना मी पहिल्या दिवशी हेच सांगायचे: आधी जोडपत्रं बघ, मग नंबर टाक.

निघताना पाहिलं तर सूचना होती. खांबावर, इंग्रजीतही. मी दीड तास त्याच खांबाला टेकून उभी होते, फक्त मागच्या बाजूला.

तर वही फक्त गोशुइनसाठीची घ्या, मोठ्या देवळांत साधारण दीड-दोन हजार येनला मिळते. काही ठिकाणी बौद्ध देवळांची वही वेगळी आणि शिंतोची वेगळी असलेली बरी मानतात. नातवंडांना दुसरी वही द्या. खिडकीत देताना कोरं पान उघडून द्या, वरचं प्लास्टिकचं कव्हर काढा. सुटे पैसे ठेवा. दहा हजारांची नोट पुढे करणं म्हणजे आपल्याकडे दहा रुपयांच्या तिकिटाला पाचशे काढण्यासारखं. शिक्के साधारण नऊ ते चार मिळतात, मधली जेवणाची सुट्टी आधी विचारून घ्या. आणि आधी दर्शन, मग शिक्का. उलटं केलं की तुम्ही नुसते शिक्के गोळा करणारे ठरता. शिंतो देवस्थानात दोनदा वाकायचं, दोन टाळ्या, पुन्हा एकदा वाकायचं. बौद्ध देवळात टाळी वाजवायची नाही, मी वाजवली.

मात्सुचियामाचं सांगायचं राहिलंच, आणि सगळ्यात आवडलं ते तेच. नदीकाठची छोटी टेकडी. आमच्या फेरीत तिथला मान बिशामोनतेनचा, पण देवळाचा मुख्य देव कांगितेन, म्हणजे आपला गणपती. मूर्ती कुणाला दाखवत नाहीत, कायम पडद्याआड. आणि नैवेद्य काय, तर मुळा! पांढरा, हातभर लांब. देवळातच विकत मिळतो. दगडावर, कंदिलावर, जिकडे बघाल तिकडे जोडीनं कोरलेले मुळे. मोदक नाही, दूर्वा नाहीत, पण आपल्याकडच्या काही जुन्या मूर्तींच्या हातातही मुळा असतो, तेव्हा देवाला चव ओळखीची असणार. वाहिलेले मुळे नंतर भाविकांना प्रसाद म्हणून देतात. मला मिळाला, त्याची रात्री निशी-कासाईत कोशिंबीर झाली. गुडघे दुखणाऱ्यांसाठी वर जायला रुळावरून चढणारा छोटा फुकट डबा आहे, लाज न बाळगता बसा.

इमादो देवस्थान पंजा हलवणाऱ्या त्या मांजराचं जन्मस्थान असल्याचा दावा करतं. असा दावा आणखी एक देऊळ करतं, तो वाद त्यांचा त्यांनी मिटवावा. मांजरं मात्र भरपूर.

दोन वाजता धापा टाकत ओतोरीला पोचले. गाइडबाई फाटकाशीच उभ्या होत्या. मी त्यांना तो कागद दाखवला. त्यांनी अक्षर नीट निरखलं आणि म्हणाल्या, छान आलंय. इतर आठ जणांनी सरस्वती पाहिली होती.

शनिवारी मुलीला घेऊन मी सरस्वतीच्या त्या योशिवारा देवस्थानात गेलेच. पूर्वी योशिवारा म्हणजे सरकारमान्य वेश्यावस्ती, बायकांना बाहेर पडायची मुभा नसलेली. १९२३ च्या भूकंपानंतर आग लागली तेव्हा कितीतरी जणींनी जवळच्या बेनझाइतेनच्या तळ्यात उड्या घेतल्या आणि तिथेच गेल्या. तळं आता नावापुरतं उरलंय, काठावर कान्नोनची मूर्ती आहे. मुलगी सांगत होती, मी ऐकत होते, दोघींनी शिक्क्याचा विषय काढला नाही. फाटकापर्यंत गेल्यावर ती म्हणाली, “आई, वही आणली आहेस ना?” मग परत फिरलो. रांग नव्हती.

ही वही नवी, आधीचे दोन शिक्के आणि तो सुटा कागद जुनीतच राहिले. नवीचं पहिलं पान मी कोरं ठेवलंय. ते इसे इथल्या, शिंतोंच्या सगळ्यात मानाच्या देवस्थानासाठी राखून ठेवायची पद्धत आहे, असं गाइडबाईंनी जाता जाता सांगितलं होतं. इसेची फाटकं पहाटे पाचला उघडतात. पुढच्या खेपेला मी साडेचारला जाऊन उभी राहणार आहे, आणि आधी सगळे खांब चारही बाजूंनी वाचून काढणार आहे.