तुम्ही विचारलंत म्हणून: पायरसीने किती बुडालो?

मी सिनेमा काढलाय हे कळलं की पुढचा प्रश्न ठरलेला. "पायरसीमुळे किती नुकसान झालं हो?" आकडा माझ्याकडे नाही. छातीठोक सांगणाऱ्या निर्मात्यांकडेही नसतो. टेलिग्रामवर फुकट बघणारा प्रत्येक जण तिकीट काढून आला असता, असं मी मुलाखतींत म्हणायचो. आता म्हणवत नाही.

लगेच 'सैराट' तोंडावर मारला जातो. 2016 मध्ये कॉपी मोबाइलवर फिरत होती, तरी 100 कोटींवर धंदा झालाच ना! झाला. पण त्याला शो होते. आम्हाला मिळतो सकाळचा शो, तोही शहराच्या टोकाला. रविवारपर्यंत 'अरे, बघ एकदा' असं लोक एकमेकांना सांगायला लागतात आणि नेमकी तेव्हाच लिंक येते. सोमवारचं कलेक्शन बघून शो उतरवतात. बुडतो तो दुसरा शुक्रवार. त्याचा आकडा कुठून आणू?

एका तालुक्याच्या गावी गणेश मंडळाने सत्काराला बोलावलं. शाल, श्रीफळ, भाषण झालं आणि अध्यक्षांनी जाहीर केलं, "आता साहेबांचाच पिक्चर!" पेनड्राइव्ह लागला. हॉल प्रिंट, म्हणजे थिएटरात बसून चोरून टिपलेली कॉपी. फ्रेम तिरकी, कोपऱ्यात एक्झिटचा दिवा, आवाज विहिरीतून आल्यासारखा. बाप मुलीची चिठ्ठी वाचतो तो प्रसंग आम्ही एका कंदिलाच्या उजेडात घेतला होता; त्यासाठी कॅमेरामनने भांडून एक दिवस वाढवून घेतला होता. इथे नुसता काळोख, आणि त्या काळोखातून कुणाचं तरी डोकं पडद्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत गेलं. विनोदांवर आधी कॉपीतलं थिएटर हसायचं, मग मंडप. अध्यक्ष कानाशी लागले, "पब्लिक बघा, साहेब!" मी शाल पांघरून बसलो. "कुठून आणलं हे?" म्हटलं, तर प्रोजेक्टरवरचा पोरगा ओशाळून म्हणाला, "क्लीन प्रिंट अजून आली नाही काका, नाहीतर तीच लावली असती."

चिडायचं कुणावर? गावातल्या एकुलत्या थिएटरच्या जागी मंगल कार्यालय उभं आहे. माझा सिनेमा जिल्ह्याच्या ठिकाणीही लागला नव्हता. "मग तक्रार करायची!" असं सांगणारे भेटतात. 2023 च्या दुरुस्तीनंतर कायदा तगडा आहे: 3 महिने ते 3 वर्षं कैद, दंड किमान 3 लाख, जास्तीत जास्त उत्पादन खर्चाच्या 5 टक्क्यांपर्यंत. पण तो लावायचा कुणाला, त्या पोराला? थिएटरात कॅमेरा घेऊन बसलेला माणूस मला आजवर दिसलेला नाही. एक चॅनल बंद करवलं की जेवण होईस्तोवर दुसरं सुरू.

पुण्यात घराशेजारच्या मल्टिप्लेक्सला शो असताना "लिंक आहे का?" विचारणाऱ्यांना मात्र मी माफ करत नाही. हे आणि मंडळातला पोरगा एकाच रांगेतले आहेत, हे मला पटत नाही. ओटीटीवाल्याला या फरकाचं सोयरसुतक नसतं. तो फक्त थिएटरचं कलेक्शन मागतो, आणि ते बघून भाव पाडतो.