बीम नाही

इचलकरंजीत पहिला यंत्रमाग 1904 साली आला. मी कॅमेरा घेऊन पोहोचलो तेव्हा मामांचे आठही साधे माग भंगारात गेले होते. "किलोवर गेलं बघा सगळं," ते म्हणाले. रिकाम्या शेडमध्ये मागांच्या जागी तेलाचे काळे डाग आणि छताला लोंबणारी कापसाची पिंज, एवढंच उरलं होतं.

जागतिकीकरणाची झळ माणसांपर्यंत कशी पोहोचते, ते डॉक्युमेंटरीत दाखवायचं होतं. पहिला आठवडा आवाजाशी झगडण्यातच गेला. चालू शेडमध्ये कॉलर माइकचा काही उपयोग नाही. खडखडाटात कामगार एकमेकांचे ओठ आणि हात बघून बोलतात. म्हणून मामांच्या रिकाम्या शेडमध्ये बसलो, तर तिथं आवाज घुमायला लागला. मामींनी घरातल्या सहा गोधड्या आणून दिल्या. त्या दोरीवर टांगल्या, तेव्हा कुठं शब्द नीट ऐकू आले.

संमतीपत्र मी इंग्रजीत नेलं होतं. मामींनी सही केली नाही, आणि बरोबरच केलं. रात्री बसून ते मराठीत लिहिलं, 'नको वाटेल तो भाग काढू' हे वाक्य घातलं, सकाळी वाचून दाखवलं. मग सही झाली.

मामा खर्चीवाले. म्हणजे सूत व्यापाऱ्याचं, माग आणि वीजबिल मामांचं, मजुरी पिकामागे, म्हणजे कापडातल्या आडव्या धाग्यामागे, पैशांत. मामांनी हिशोबाची वही जपून ठेवली होती. 2011 च्या मार्चच्या पानावर एकाखाली एक तेच दोन शब्द: बीम नाही, बीम नाही, बीम नाही. बीम म्हणजे मागावर चढवायचा उभ्या सुताचा रूळ. त्या महिन्यात न्यूयॉर्कच्या वायदेबाजारात कापूस पौंडाला 2 डॉलरच्या वर गेला होता. सूत कडाडलं, व्यापाऱ्यानं हात आखडता घेतला, माग बंद राहिले. मामांना न्यूयॉर्कचं काहीच ठाऊक नव्हतं. "सूत वाढलंय, थांबा," एवढाच निरोप यायचा. अशा माणसाला 'स्पर्धेत मागे पडला' म्हणणं मला अन्यायाचं वाटतं. स्पर्धा कुणाशी आहे, हे त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं.

पहिला कट मी 1 जानेवारी 2005 पासून सुरू केला होता. त्या दिवशी जागतिक कापड व्यापारातले कोटे, म्हणजे कुठल्या देशातून किती माल घ्यायचा याच्या मर्यादा, उठले. बंदरावरचे कंटेनर, नकाशे, वर माझं निवेदन, अशी सात मिनिटं. मामांच्या सोप्यात लॅपटॉपवर दाखवला, शेजारचे चार-पाच जण आले. कंटेनर दिसत होते तोवर कुणी चहा घेत होतं, कुणी फोनवर बोलत होतं. वहीचं पान आलं तसे सगळे पुढं सरकले. "थांबवा जरा," एक जण म्हणाला, "माझ्याकडं बी अशीच हाय." तो उठून घरी गेला आणि मळकट कापडी बांधणीची वही घेऊन आला.

मामांनी चष्मा लावला. दोघांनी मार्चची पानं शेजारी-शेजारी धरली आणि बोट फिरवत एकेक तारीख ताडून बघायला लागले. मी लॅपटॉप मिटला, कॅमेरा काढला.