वावरातून आल्यावर मणी कौल

दिवसभर कापूस वेचून आलेली माय आज माझ्यासोबत दिग्दर्शक मणी कौल यांचा ‘उसकी रोटी’ (१९६९) हा सिनेमा बघत बसली. बस ड्रायव्हर नवऱ्याची भाकर घेऊन रस्त्यावर ताटकळणारी बाई. “थे बाई अजून उभीच हाये रे बापू!” माय म्हणाली, पण उठली नाही.

मणी कौल म्हणजे पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये बंगाली दिग्दर्शक ऋत्विक घटकांचा विद्यार्थी. पहिल्याच सिनेमात गोष्ट पळवायचं नाकारलं, फक्त दोन लेन्स वापरल्या: रुंद दाखवणारी २८ मिमी आणि दूरचं जवळ आणणारी १३५ मिमी. पुढे ध्रुपद हा शास्त्रीय गायनाचा जुना प्रकार शिकले, त्यावर १९८२ मध्ये सिनेमा केला. गल्ल्यासाठी चाल बदलली नाही. केवढी हिंमत! आमच्या फाट्यावर एसटीची वाट पाहणाऱ्या बायांचा वेळ मला असाच चित्रित करायचा आहे.

रविवारी त्यांचाच ‘दुविधा’ लावतो. या.