विहिरीचं पाणी आणि २७ वर्षं

लिथुआनियात जन्मलेला फिल्ममेकर जोनास मेकासची ‘रेमिनिसन्सेस ऑफ अ जर्नी टू लिथुआनिया’ ही स्वतःच्याच गावभेटीवरची फिल्म काल रात्री तिसऱ्यांदा बघितली आणि यावेळी मी त्या विहिरीपाशीच अडकले. माणूस २७ वर्षांनी आपल्या गावी आलाय, सेमेनिश्केईला, आणि विहिरीचं पाणी पितोय. बास, एवढंच दिसतं. पण ते पाणी पिताना त्याला जे काय वाटत असेल ते बघताना माझाच घसा भरून आला.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. १९४४ मध्ये तो आणि त्याचा भाऊ अडोल्फास लिथुआनियातून निघाले, जर्मनीत पकडले गेले, हाम्बुर्गजवळ एल्म्सहॉर्नच्या लेबर कॅम्पमध्ये राबले, मग निर्वासितांच्या छावण्या, आणि १९४९ ला न्यूयॉर्क. तिथे पोचल्यावर काही आठवड्यांतच त्याने उसने पैसे घेऊन १६ एमएमचा बोलेक्स कॅमेरा घेतला, आणि मग आयुष्यभर डायरी लिहावी तसं शूट करत राहिला.

बोलेक्सला चावी द्यावी लागते, एकदा दिली की अर्धा मिनिटसुद्धा चालत नाही, म्हणजे शॉट तसेही छोटेच, पण मेकास त्याहून छोटे घेतो, काही तर डोळ्याची पापणी लवेपर्यंत संपतात. १९७१ च्या त्या गावभेटीचे त्याने तुकडे केलेत आणि त्यांना चक्क नंबर दिलेत. आई उघड्यावर चूल पेटवून रांधतेय, भावंडं हसतायत, शेत, झाडं, परत आई. त्यात नवा कॅमेरा एका स्पीडला चालतच नव्हता, त्यामुळे उजेड मधेच भक्कन वाढतो, मधेच चेहरे अंधारतात. त्याने ते फुटेज फेकलं नाही, आणि मला वाटतं तेच बरोबर केलं, कारण इतक्या वर्षांनी आईकडे बघताना कुणाची नजर स्थिर राहणारे?

पहिल्यांदा बघितली तेव्हा मी वैतागले होते, सोव्हिएत राजवटीतलं रोजचं जगणं यात का नाही म्हणून. तो फिल्ममध्येच सांगतो की त्यातलं मला काय माहीत, मी घर शोधत निघालेला विस्थापित माणूस आहे. आता मला ते पळवाट वाटत नाही. जेवढं आपलं तेवढंच दाखवलंय त्याने.

आणि मग एल्म्सहॉर्न. कॅम्प होता तिथे आता गवत आहे. आजूबाजूला गावातली पोरं पळतायत आणि त्याचा आवाज येतो, पळा पोरांनो, मीपण इथून पळालो होतो, पण जीव वाचवायला, तुमच्यावर ती वेळ न येवो, अशा अर्थाचं काहीतरी. आवाज चढत नाही, रडत नाही.

पुढे फिल्म व्हिएन्नाला जाते, मित्रांकडे. तो भागही छान आहे, पण मी दरवेळी रिवाइंड करून त्या विहिरीपाशीच जाते.