नर्सच आजारी पडते तेव्हा

सदाशिव पेठेत आमची अभ्यासिका आहे. रात्री काउंटरवर बसून मी मोबाइलवर कोरियन मालिका बघते, आवाज बंद ठेवून, नुसती सबटायटल वाचत. परवा ‘डेली डोस ऑफ सनशाइन’ संपवली. नेटफ्लिक्सवर २०२३ साली आलेली, बाराच भागांची. ज्या वेबटूनवर (म्हणजे इंटरनेटवरच्या चित्रकथेवर) ती बेतली आहे, ते काढणारी बाई स्वतः नर्स होती. बघताना ते कळतंच. (बघायची असेल तर पुढचं वाचू नका, सगळं फोडणार आहे.)

जंग दा-उन नावाची नर्स मेडिसिनमधून मानसोपचार वॉर्डात बदलून येते. तिथे सो-वान नावाचा पोरगा भरती असतो. सरकारी नोकरीच्या परीक्षेत वर्षानुवर्षं अपयश, मग एका गेमच्या जगातच राहायला लागलेला. दा-उनलाही तो त्या गेममधलंच पात्र समजतो. सोलमध्ये नोर्यांगजिन म्हणून भाग आहे, तिकडची सदाशिव पेठच म्हणा: क्लास, अभ्यासिका, रस्त्यावर उभ्याने खायचा स्वस्त भात. आमच्याकडेही पूर्वपरीक्षा निघते, मुख्य परीक्षा अडकते, गावाकडून फोन येतो, ‘अजून किती दिवस रे?’ सो-वानला भ्रमापेक्षा बरं होऊन बाहेर पडण्याचीच जास्त भीती वाटते. ती भीती मला नवी नाही. ‘या वर्षी सोडतोय’ म्हणणारी पोरं पुढच्या महिन्याची फी भरतात.

डिस्चार्जनंतर सो-वान जीव देतो. खरी मालिका मला तिथून पुढची वाटली. दा-उन आधी काही झालंच नाही अशी वागते, मग पार ढासळते, आणि तिलाच दुसऱ्या हॉस्पिटलात पेशंट म्हणून दाखल करावं लागतं. नर्सलाही नैराश्य येतं, तिलाही औषधं घ्यावी लागतात, हे इतक्या सावकाश दाखवलेलं मी तरी पाहिलं नव्हतं. ती परत कामावर आल्यावर पेशंटचे नातेवाईक भांडायला येतात: आमचं माणूस हिच्या हाती कसं द्यायचं? मला त्या नातेवाइकांचा राग आला नाही. ती माणसं घाबरलेली असतात. हेडनर्स मात्र दा-उनच्या बाजूने उभी राहते, आणि तिची स्वतःची धाकटी बहीण स्किझोफ्रेनियाची पेशंट आहे.

तक्रार एकच. हॉस्पिटल फारच चकाचक आहे.

नंबर लावायला आलेल्या एका पोराने मोबाइलमध्ये डोकावून विचारलं, ‘काकू, लव्हस्टोरी आहे का यात?’ आहे की. बोटं मोडायची खोड असलेला एक डॉक्टर आहे, गोड आहे. पण त्याचे नि दा-उनचे सीन पुढे ढकलले तरी काही अडत नाही.