बेळगावहून कोल्हापूर: मेजर मँटच्या मागावर एक दिवस

कोल्हापूरला जायचं म्हटलं की आम्हा बेळगाव-निपाणीकडच्यांचा बेत ठरलेला: अंबाबाई, मिसळ, रंकाळा आणि परत. या खेपेला ठरवून मेजर चार्ल्स मँटच्या इमारती बघितल्या. हा रॉयल इंजिनिअर्समधला अधिकारी. १८३९ चा जन्म, १८८१ ला वारला. तेवढ्यात अजमेरचं मेयो कॉलेज, बडोद्याचा लक्ष्मीविलास राजवाडा आणि निम्मं जुनं कोल्हापूर त्यानं आखलं.

लोक आधी न्यू पॅलेस गाठतात आणि तिथंच दमतात. तुम्ही टाउन हॉलपासून सुरुवात करा. १८७० च्या दशकातली ही इमारत बघून आपल्या बेळगाव कॅम्पातल्या चर्चची आठवण होते: नोकदार कमानी, उतरतं छप्पर, दोन टोकदार मनोरे. अजून हिंदुस्थानी काही शिरलेलं नाही. आत १९४९ पासून सरकारी वस्तुसंग्रहालय आहे. कोल्हापुरातल्याच ब्रह्मपुरी टेकडीच्या उत्खननात सापडलेला पोसायडन, ग्रीक समुद्रदेव, इथंच आहे. ब्राँझची मूर्ती इतकी लहान की घाईत चालणाऱ्याला दिसायचीच नाही. सोमवारी संग्रहालय बंद, म्हणून सोमवार टाळा.

मग शेजारचं सीपीआर, म्हणजे पूर्वीचं आल्बर्ट एडवर्ड हॉस्पिटल. चिकोडी-निपाणीकडची माणसं इथं पेशंट घेऊन येतात, पण दगडी दर्शनी भागाकडं मान वर करून बघायला सवड कुणाला? रुग्णालय आहे, फोटो बाहेरूनच घ्या.

शेवटी पॅलेस. तोच काळा दगड, पण आता घुमट, छत्र्या, जैन-राजपूत धाटणीची नक्षी, मध्ये अष्टकोनी घड्याळाचा मनोरा. टाउन हॉल ताजा डोळ्यांपुढं असला तरच कळतं, की दहाएक वर्षांत हा गडी कुठून कुठं आला. दरबार हॉलच्या रंगीत काचांवर शिवचरित्रातले प्रसंग आहेत. तिथं निवांत थांबा. आत फोटोला बंदी आहे.

या बदलातला एक दुवा मात्र इटलीत आहे. विलायतेहून परतताना कोल्हापूरचे छत्रपती राजाराम महाराज १८७० ला फ्लॉरेन्समध्ये ऐन विशीत वारले, तिथंच नदीकाठी अग्नी दिला. त्या जागी १८७४ ला छत्री उभी राहिली, तिचा आराखडा मँटचाच. आत महाराजांचा रंगीत अर्धपुतळा आहे. जवळच्या पुलालाही तिथले लोक ‘इंडियनाचा पूल’ म्हणतात. कोल्हापुरात ही गोष्ट ठळकपणे सांगणारी पाटी हवी होती, असं मला वाटतं.

आपली गणितं चुकली, इमारती ढासळणार, या धास्तीनं मँटचं डोकं फिरलं असं सांगतात. खरं-खोटं कोण जाणे. लक्ष्मीविलास मात्र पुढं रॉबर्ट चिझम या वास्तुविशारदानं पुरा केला.

जाणं सोपं: बेळगावहून संकेश्वर, निपाणी, कागल करत एसटी किंवा कर्नाटकची बस. बायकांसाठी एक युक्ती: कर्नाटक सरकारच्या ‘शक्ती’ योजनेतलं बायकांचं फुकट तिकीट कर्नाटकापुरतंच, तेव्हा आधार कार्ड दाखवून निपाणीपर्यंत या आणि तिथून एसटी धरा; महाराष्ट्राच्या हद्दीत अर्धं तिकीट पडतं. रविवारी संध्याकाळी कोल्हापूर स्टँडवर अंबाबाईची गर्दी उसळते, चारच्या आत बस पकडा.