आमची वाटचाल : बिजागरीचं पान मोजून घ्या

वडिलांनी नाशिकच्या भांडी बाजारात दुकान टाकलं तेव्हा खिळे, कड्या-कोयंडे, बिजागऱ्या आणि सुताराची हत्यारं, एवढाच माल होता. मी गल्ल्यावर बसायला लागल्यावर मॉड्युलर किचनचं सामान, ऑटो हिंज वगैरे वाढत गेलं, ती वर्षं चांगली गेली, त्याबद्दल काही म्हणणं नाही.

म्हणणं आहे ते २०१६ बद्दल. पाथर्डी फाट्याला मोठी साईट होती, सगळ्या फ्लॅटच्या बिजागऱ्या आमच्याकडून ठरल्या. ४ इंची, ३०४ स्टेनलेस म्हणजे सहसा न गंजणारं चांगलं स्टील, पान म्हणजे बिजागरीची पट्टी ३ मिलिमीटर जाड, दाराला तीन. तोंडी शब्दावर उधारीने माल उचलला, गोडाऊन भरलं, आणि आमच्याच लाईनीतल्या एका दुकानदाराने तिथे जाऊन जवळजवळ निम्मा रेट दिला. त्याच्या डब्यावरही ३ मिलिमीटरच छापलेलं. मी एक नग आणून व्हर्निअर, म्हणजे जाडी मोजायचं माप, लावला तर पान भरलं २.१! साईटवर जाऊन दाखवलं तर तिथला माणूस म्हणे, "शेठ, दार लागल्यावर बिजागरी कोण मोजतंय?" ऑर्डर गेली ती गेली, वर त्या दुकानदाराने बाजारात पसरवलं की आम्ही लुटतो. वडिलांनी आयुष्यभर राखलेलं नाव, त्याला असं बोलणं मी आजही विसरलेलो नाही.

आणि त्याच पावसाळ्यात, २ ऑगस्टला, गोदावरी चढली. दुतोंड्या मारुती बुडाला, पाणी दुकानात शिरलं. ओसरल्यावर शटर उघडलं तर आत नुसता चिखल, स्क्रूचे डबे, पियानो पट्ट्या, लोखंडी कड्या सगळं गेलं. देणं डोक्यावर तसंच. दुकान विकायचं असं घरात बोलून झालं होतं.

पंचवटीचे एक मिस्त्री आहेत, वडिलांच्या वेळचे, आम्ही त्यांना काका म्हणतो. ते तिसऱ्या दिवशी आले, बादली घेतली आणि त्या ३०४ च्या बिजागऱ्या धुवायला बसले. एकेक पुसून बघायचे, पिन हलवून ढिली आहे का, मग दोन्ही पानं मिटून उजेडासमोर धरायचे, फट दोन्ही टोकांना सारखी पाहिजे. स्क्रूच्या भोकावर बोट फिरवायचे, खोलगट हवं, नाहीतर स्क्रूचं डोकं वर राहतं, पान पूर्ण मिटत नाही आणि दार चौकटीला ताण देतं. म्हणाले, "सोनं आहे रे, हे मी संपवतो." दर आठवड्याला रोख देऊन डझन-दोन डझन न्यायचे, बरोबर दुसरे सुतार आणायचे. दुकान टिकलं ते त्यांच्यामुळे.

आता घर बांधताय किंवा दारं बदलताय तर ऐका. इंच सगळे विचारतात, जाडी कोणी विचारत नाही. दाराचं ओझं वरच्या बिजागरीला ओढतं, पान पातळ असलं की ते वाकतं आणि दार खाली फरशीला घासायला लागतं, मग लोक रंधा मारून दार कमी करतात, अहो दाराची काय चूक? साध्या सात फुटी फ्लश डोअरला ४ इंची तीन पुरतात, सागवानी मेन डोअरला ५ इंची चार लावा. वरची वरून ६-७ इंचांवर, खालची खालून ९-१० वर. बाथरूमला ३०४ च घ्या. आणि चुंबक आणू नका, २०२ म्हणजे स्वस्तातल्या स्टेनलेसलाही चुंबक चिकटत नाही, फार तर पॉलिश मारलेलं लोखंड ओळखू येईल. स्क्रू हातोडीने ठोकणाऱ्या सुताराला तिथेच थांबवा.

जुन्या दाराला नवी बसवायची असेल तर एक बिजागरी काढूनच आणा, फोटोवरून जमत नाही. उघडल्यावरची रुंदी आणि भोकं जुळली नाहीत तर चौकटीत नवी खाच मारावी लागते. व्हर्निअर गल्ल्यावरच ठेवलेला असतो, माल कुठूनही घेतलेला असो, आणा, मोजून देतो.